हॉकीपटूचे कोरे पत्र

शनिवार, 15 मार्च 1975 हा दिवस माझ्या स्मरणात एका ट्रान्झिस्टरच्या रूपाने राहिला आहे. आमचे गाव तेव्हा एदलाबाद ह्या नावाने ओळखले जात असे. मुक्ताईनगर हे नाव सरकारी दप्तरात पुढे रुजू झाले. बाजारातील एका कापडाच्या दुकानात, मालकाने मेहेरबानी म्हणून फळीच्या टोकाशी आणून ठेवलेल्या त्या यंत्राभोवती, शेतातले काम टाकून आलेले, शाळा बुडवून आलेले आणि हॉकीचा सामना ज्यांनी उभ्या जन्मात डोळ्यांनी पाहिला नव्हता असे आम्ही वीस-पंचवीस जण, क्वालालंपूरच्या मैदानावर भारत आणि पाकिस्तान ह्यांच्यात चाललेली विश्वचषकाची अंतिम झुंज जसदेव सिंग ह्यांच्या हिंदीतून कानांनी पाहत होतो. सुरजित सिंगने बरोबरी साधली. आणि मग अशोककुमारचा चेंडू खांबाला लागून परतला की आत जाऊन परतला ह्यावर तिकडे हुज्जत चालू असताना इकडे आमच्या दुकानात गोल केव्हाच झालेला होता, कारण तो सांगणाऱ्याच्या स्वरात झालेला होता.

त्या विजयाचे श्रेय आमच्या बालबुद्धीने निम्मे अजितपाल सिंग ह्यांच्या संघाला आणि निम्मे जसदेव सिंग ह्यांना दिले होते, आणि त्यात आम्ही फारसे चुकलो होतो असे मला आजही वाटत नाही. चुकले ते निराळेच. खेळणारे एक आणि सांगणारे दुसरे, ही विभागणी सृष्टिक्रमाइतकी स्वाभाविक आहे असे आम्ही त्या दिवशी गृहीत धरले, आणि हॉकीच्या बाबतीत ते गृहीतक आपण अजून मोडलेले नाही. उपान्त्य सामन्यात मलेशियाविरुद्ध पराभव समोर दिसत असताना ऐनवेळी मैदानात उतरवलेल्या अस्लम शेर खानने गळ्यातील ताईताचे चुंबन घेऊन पेनल्टी कॉर्नरवर बरोबरीचा गोल कसा केला, ही कथा पुढे आम्ही शंभरदा ऐकली. पण त्या क्षणी चेंडू थांबवणाऱ्याचा हात किंचित चुकला असता तर काय झाले असते, बचावपटू गोलरेषेवरून अंगावर धावून येत असताना मारणाऱ्याला नेमके काय दिसते, हे सांगणारा मनुष्य आमच्या भाषेत आमच्यापुढे कधी आला नाही.

क्रिकेटचे भाग्य ह्या बाबतीत निराळे होते. विजय मर्चंट ह्यांच्यासारखा फलंदाज बॅट ठेवल्यावर विविध भारतीच्या ध्वनिक्षेपकासमोर बसला आणि घराघरांत ऐकला गेला. बाळ ज. पंडित ह्यांनी महाराष्ट्राकडून रणजी करंडकाचे सामने खेळलेले असल्यामुळे, आकाशवाणीवरून त्यांनी मराठीत केलेल्या धावत्या समालोचनाला मैदानातल्या मातीचा वास होता. संदीप पाटील ह्यांनी ‘एकच षटकार’ ह्या नियतकालिकाचे संपादकपद सांभाळले. सुनील गावसकर ह्यांच्याविषयी तर काही सांगावयासच नको. ह्या मंडळींच्या बोलण्या-लिहिण्यामुळे एक गोष्ट अशी घडली की जिच्याकडे आमचे लक्ष क्वचितच जाते: क्रिकेटला मराठी भाषा मिळाली. पेशव्यांच्या तोफखान्यात तोफ डागणाऱ्याला गोलंदाज म्हणत. तो फारसी वळणाचा शब्द तोफखाना मोडल्यावर बेकार झाला होता, त्याला क्रिकेटने नव्याने चाकरीस ठेवले आणि त्याच्याच धर्तीवर फलंदाजाचीही नेमणूक झाली. त्रिफळाचीत, पायचीत, धावचीत, यष्टिरक्षक हे शब्द आज तापीकाठचा केळी कापणारा मजूरही उच्चारतो आणि त्यांत काही अनुवादित आहे असे त्याला यत्किंचितही वाटत नाही. हॉकीचे काय? पेनल्टी कॉर्नर तो पेनल्टी कॉर्नरच राहिला, ड्रॅग फ्लिक ती ड्रॅग फ्लिक, आणि गोलासमोरील त्या अर्धवर्तुळाला खेळाडू ‘डी’ म्हणतात तर वार्ताहर कधी वर्तुळ म्हणतात, कधी गोलक्षेत्र, कधी काहीच न म्हणता पुढच्या वाक्याकडे निघून जातात. परकी शब्द आले ह्याचे मला वैषम्य नाही. ते शब्द घरचे करून घेणारा कोणी भेटला नाही, ह्याचे आहे.

ह्यावर एक उत्तर नेहमी दिले जाते आणि ते अगदीच निराधार नाही. क्रिकेटमध्ये दोन चेंडूंच्या मध्ये जी रिकामी जागा असते तीत समालोचक आपला संसार थाटतो; एक आठवण सांगतो, एक आकडा सांगतो, पावसाकडे पाहून एक निःश्वास सोडतो. हॉकीत ती उसंत नाही. पस्तीस मिनिटांचे दोन डाव आणि त्यांत अखंड धावणारा चेंडू, अशा खेळात बोलणाऱ्याला चेंडूमागे धापा टाकीत जाण्यापलीकडे काही सुचणे कठीण. पण हे कारण आता जुने झाले. 1 सप्टेंबर 2014 पासून आंतरराष्ट्रीय संघटनेने सामना पंधरा-पंधरा मिनिटांच्या चार भागांत वाटला, गोल झाल्यावर आणि पेनल्टी कॉर्नर मिळाल्यावर चाळीस सेकंद घड्याळ थांबवण्याची तजवीज केली, आणि हे सर्व दूरचित्रवाणीची सोय पाहून केले, हे कोणी लपवूनही ठेवले नाही. खेळाने स्वतःचा श्वास तोडून बोलणाऱ्यासाठी जागा मोकळी करून दिली. त्या चाळीस सेकंदांत आमच्याकडे बहुधा जाहिरात लागते.

त्या अवकाशात जाणकार काय सांगू शकेल ह्याचे एकच उदाहरण देतो. पेनल्टी कॉर्नरवर जोरात टोलवलेला पहिला फटका गोलात शिरताना फळीच्या उंचीहून, म्हणजे 460 मिलिमीटरहून, वर असता कामा नये. परंतु चेंडू टोलवला नाही, काठीवर ओढत नेऊन फेकला, तर त्याला उंचीचे बंधन नाही. ड्रॅग फ्लिक नावाची ती विद्या, जिच्यासाठी आज एकेका खेळाडूला लिलावात मोल येते, ती मुळात नियमातील ह्या एका फटीतून जन्माला आली आहे. फडणिसाने सनदेतील एका अक्षराचा अर्थ लावून आख्खे इनाम पदरात पाडून घ्यावे, तसा हा प्रकार आहे. हे समजल्याबरोबर प्रेक्षकाचे पाहणेच बदलते: त्याची नजर चेंडूवरून उठून खेळाडूच्या मागच्या पायावर जाते. परंतु हे समजावून देण्यासाठी सांगणाऱ्याने आयुष्यात किमान हजार वेळा तो मागचा पाय वाकवलेला असावा लागतो.

मग हॉकीपटू बोलत का नाही? माझ्या मते ह्याचे खरे कारण खेळाच्या गतीत नाही; ते आमच्या नोकरीच्या व्यवस्थेत आहे. क्रिकेटपटू हळूहळू स्वतंत्र व्यावसायिक झाला. हॉकीपटू मात्र पिढ्यान्पिढ्या कोणत्या ना कोणत्या खात्याचा चाकर राहिला. रेल्वे, सेनादल, पोलीस, विमान कंपनी, पेट्रोलियम महामंडळ, ही त्याची वतने. ह्या खात्यांनी त्याच्यावर उपकार केले आहेत ह्यात संशय नाही. ती नसती तर भारतीय हॉकी स्वातंत्र्यानंतर दहा वर्षांतच भाकरीच्या शोधात विखुरली असती. परंतु ज्याने भाकरी दिली त्याने तोंडही बांधून टाकले. केंद्रीय नागरी सेवकांची 1964 ची आणि रेल्वे सेवकांची 1966 ची वर्तणूक नियमावली उघडून पाहावी: सरकारच्या धोरणावर प्रतिकूल टीका करण्यास मनाई, वृत्तपत्रांत वा नभोवाणीवर भाग घेण्यापूर्वी मंजुरी, आणि मग वाङ्मयीन, कलात्मक व शास्त्रीय स्वरूपाच्या लेखनाला मुभा. आता गोलरक्षकाने बचावाच्या रचनेविषयी लिहिलेला लेख ह्या तिन्हींपैकी कशात बसतो, हा प्रश्न ज्या कारकुनाच्या टेबलावर येतो तो तिन्ही शब्दांकडे पाहतो, मान हलवतो आणि अर्ज वरिष्ठांकडे पाठवतो. अर्ज परत येईपर्यंत विश्वचषक संपून गेलेला असतो. बंदी अशी कोणी घालत नाही. अर्ज करण्याची सवयच सुटते, आणि सवय सुटलेल्या माणसाला निवृत्तीनंतर अचानक कंठ फुटत नाही.

अपवाद आहेत, आणि ते बोलके आहेत. ध्यानचंद ह्यांनी सेनादलात असतानाच आत्मवृत्त लिहिले. 1952 साली मद्रासहून ते इंग्रजीत प्रसिद्ध झाले. ज्याच्या काठीला चेंडू चिकटतो अशी आख्यायिका जगभर झाली होती, त्या पुरुषाने स्वतःविषयी इतक्या संकोचाने लिहावे, हे वाचून आदर वाटतो आणि किंचित हुरहूरही लागते. बर्लिनच्या 15 ऑगस्ट 1936 च्या त्या अंतिम सामन्याला, ज्यात जर्मनीचा 8-1 असा पाडाव झाला, कर्णधाराचा इंग्रजी वृत्तान्त लाभला. त्याच बर्लिनच्या चमूत आमच्या पुण्याचे बाबू निमल होते, आणि ते त्या दिवसाविषयी मराठीत काय बोलले असते ह्याची आता केवळ कल्पनाच करावयाची. अस्लम शेर खान ह्यांनी 1982 साली पुस्तक लिहिले तेव्हा त्याच्या नावातच हॉकीला जहन्नमात धाडले. दोनच वर्षांनी सातपुड्याच्या रांगेत आमच्या पूर्वेला असलेल्या बैतूलमधून ते लोकसभेवर निवडून गेले. मला ह्यात एक संगती दिसते. ज्या हॉकीपटूला जिव्हा होती त्याला आमच्याकडे वृत्तपत्राने बोलावले नाही, राजकारणाने बोलावले. परगट सिंग गेले, दिलीप तिर्की गेले, संदीप सिंग गेले. समालोचनात जीव रमवणारे जगबीर सिंग ह्यांच्यासारखे ऑलिंपियन हाताच्या बोटांवर मोजण्याइतके, आणि मराठीसाठी ती बोटेही नकोत.

खडकीच्या धनराज पिल्ले ह्यांची हकीकत तर प्रत्येक संपादकाने भिंतीवर टांगून ठेवावी. चार ऑलिंपिक, चार विश्वचषक, चार आशियाई स्पर्धा एवढी दौड केलेल्या ह्या खेळाडूच्या नेतृत्वाखाली भारताने 1998 साली बँकॉकला आशियाई सुवर्णपदक परत मिळवले. आणि त्यानंतर ते व आणखी सहा ज्येष्ठ खेळाडू पुढील निवडीतून वगळले गेले. अधिकृत कारण विश्रांतीचे होते. अपुऱ्या मानधनाविषयी आणि सोयींविषयी धनराज उघडपणे बोलले म्हणून हा दंड झाला, असे हॉकीच्या जगात सर्वत्र मानले गेले. खरे काय ते निवड करणाऱ्यांना ठाऊक. परंतु पाहणाऱ्या तरुण खेळाडूने त्यातून कोणता धडा घेतला असेल, हे कळण्यासाठी फार पांडित्य नको. धनराज ह्यांचे चरित्रही 2007 साली इंग्रजीतच आले, आणि ते लिहिले एका पत्रकाराने.

माध्यमे हॉकीपटूकडे जातच नाहीत असे नव्हे. जातात, पण कशासाठी? सप्टेंबर 2011 मध्ये चीनमधील ओर्डोस येथे आशियाई चॅम्पियन्स करंडकाच्या अंतिम सामन्यात पाकिस्तानविरुद्ध पेनल्टी शूटआउटमध्ये गोल करणारा मुंबईचा युवराज वाल्मिकी घरी परतला, तेव्हा वार्ताहरांचे थवे मरीन लाइन्सजवळील त्याच्या खोलीत शिरले आणि त्या घरात वीज नाही ही बातमी देशभर झाली. बातमी खरी होती, ती छापली गेली हेही योग्यच झाले. परंतु अंधाऱ्या खोलीचे छायाचित्र घेणाऱ्यांपैकी कितीजणांनी त्याला तो गोल गोलरक्षकाला कोणत्या बाजूला झुकवून केला हे विचारले असेल? पुढे 2016 साली तोच युवराज दूरचित्रवाणीवर दिसला तो साहसी करामतींच्या एका लोकप्रिय कार्यक्रमात स्पर्धक म्हणून. तरुण माणसाने मिळालेली संधी घेतली, त्याला दोष देणारा मी कोण? माझी तक्रार आहे ती ज्यांनी त्याला दारिद्र्याचा नमुना म्हणून बोलावले, करमणुकीचा ऐवज म्हणून बोलावले आणि त्याच्या विद्येचा जाणकार म्हणून मात्र बोलावले नाही, त्यांच्याविषयी.

बर्फावरच्या हॉकीत घडलेली एक गोष्ट येथे सांगण्याचा मोह आवरत नाही. कॅनडाचा केन ड्रायडन हा माँट्रियलच्या संघाचा गोलरक्षक. त्या संघाबरोबर त्याने सहा वेळा स्टॅन्ले कप जिंकला. मध्येच एका मोसमात वेतनाचा वाद झाला तेव्हा हा गृहस्थ खेळ बाजूला ठेवून वकिलीची उमेदवारी करावयास गेला, आणि 1979 साली, वयाची बत्तिशीही गाठण्यापूर्वी, निवृत्त झाला. पुढच्याच फेब्रुवारीत, लेक प्लॅसिडच्या हिवाळी ऑलिंपिकमध्ये अमेरिकेच्या विद्यार्थ्यांनी बलाढ्य सोव्हिएत संघाला 4-3 असे हरवले त्या सामन्याला अमेरिकन दूरचित्रवाणीवर मुख्य निवेदकाशेजारी जाणकार म्हणून बसलेला माणूस हाच. आणि 1983 साली त्याने स्वतःच्या शेवटच्या मोसमावर जे पुस्तक लिहिले, त्यात विजयांची जंत्री नाही. प्रवासाचा कंटाळा आहे, कपडे बदलण्याच्या खोलीतील थट्टा आहे, आणि आपले अंग पूर्वीसारखे हलत नाही हे इतरांच्या आधी स्वतःला कळण्यातील भय आहे. तोही पुढे मंत्री झाला, हे मान्य. परंतु आधी लेखक होऊन मग झाला. तिकडचे वेतन मोठे, बाजारपेठ मोठी, हे सर्व मला ठाऊक आहे. पण खेळाडूच्या अंगात मुरलेले ज्ञान हे त्या खेळाचे दप्तर आहे आणि ते त्याच्याबरोबर गहाळ होऊ देता कामा नये, ही जाणीव काही पैशाने विकत मिळत नाही.

माझ्या गावापासून थोड्या अंतरावर, पूर्णा जेथे तापीला मिळते तेथे, चांगदेवाचे प्राचीन मंदिर आहे. चौदाशे वर्षे तप केलेल्या त्या योग्याने ज्ञानेश्वरांना पत्र लिहावयास घेतले, पण वयाने लहान म्हणून आशीर्वाद लिहावा की ज्ञानाने थोर म्हणून नमस्कार, हे न उमगल्याने अखेर कोराच कागद पाठवला, ही कथा सर्वश्रुत आहे. आणि तो पाहून चांगदेव इतकी वर्षे जगून कोराच राहिला असे बोलण्याचे धारिष्ट ज्या मुक्ताईने केले, तिच्या नावाचे आमचे गाव. आमची वृत्तपत्रे आणि वाहिन्या हॉकीपटूच्या बाबतीत चांगदेवाच्या जागी उभ्या आहेत. त्याला कोणत्या मायन्याने संबोधावे हेच त्यांना ठरवता येत नाही: ऑलिंपियन म्हणून नमस्कार करावा, तर तो कोणाला आठवत नाही; गरीब बिचारा म्हणून कीव करावी, तर दरमहा पगार घेणारा तो खात्याचा नोकर आहे. म्हणून मग पत्र कोरेच जाते आणि उत्तरही कोरेच येते. फरक एवढाच की चांगदेवाच्या कोऱ्या कागदावर पासष्ट ओव्या लिहिणारा कोणीतरी पलीकडे होता.

आता कोणी म्हणेल की थोर खेळाडू थोर निवेदक होतोच असे नाही. मुळीच होत नाही. कित्येक क्रिकेटपटू ध्वनिक्षेपकासमोर येताच जे समोर दिसते तेच मोठ्या आवाजात सांगतात, आणि सामने दाखवण्याचे हक्क ज्याने विकत घेतले आहेत त्याच्या मर्जीबाहेरचे अक्षर उच्चारत नाहीत. खात्याची ताकीद सुटून वाहिनीची ताकीद गळ्यात पडावयाची असेल तर ती सुटका नव्हे, बदली होय. म्हणून माझा आग्रह वाहिन्यांपेक्षा वृत्तपत्रांकडे अधिक आहे. मुंबई, पुणे, नागपूर येथे रेल्वेतून, पोलिसांतून, बँकांतून निवृत्त झालेले राष्ट्रीय दर्जाचे हॉकीपटू आहेत, आणि 1982 च्या आशियाई सुवर्णपदक विजेत्या महिला संघाच्या कर्णधार एलायझा नेल्सन ह्याही पुण्याच्याच. ह्यांच्याकडे ऑलिंपिकच्या दिवशी प्रतिक्रियेसाठी दूरध्वनी करून चार ओळी मागण्याऐवजी त्यांना सहा महिन्यांचे सदर द्यावे, लिहिता येत नसेल तर शेजारी एक चांगला उपसंपादक बसवावा, आणि मानधन वेळेवर पोहोचवावे. हे शेवटचे वाक्य मी विनोदाने लिहिलेले नाही.

वेळ अनुकूल आहे असे म्हणवत नाही. टोकियो आणि पॅरिस अशा लागोपाठ दोन ऑलिंपिकमध्ये कांस्यपदक मिळाले खरे, पण पॅरिसनंतर निवृत्त झालेला गोलरक्षक श्रीजेश लगेच कनिष्ठ संघाचा प्रशिक्षक म्हणून दाखल झाला. मुंबईचे विरेन रास्किन्हा 2008 साली खेळ सोडून व्यवस्थापनशास्त्र शिकले, ऑलिंपिक खेळाडूंना साहाय्य करणाऱ्या संस्थेची धुरा सांभाळू लागले आणि अधूनमधून इंग्रजीत नेमके लिहितात. गुणी माणसांना दुसऱ्या वाटा आहेत. आणि 2024 च्या अखेरीस हॉकी इंडिया लीग पुन्हा सुरू झाली तेव्हा पुरुषांच्या आठ संघांत महाराष्ट्राचा एकही नव्हता. ज्या राज्याचा संघच नाही त्या राज्याच्या भाषेत त्या स्पर्धेचे जाणकार वृत्त कोण मागणार?

गेल्या पावसाळ्यात भुसावळ स्थानकावर गाडी दोन तास उशिराने येणार असल्याचे जाहीर झाल्यावर बाकावर शेजारी बसलेल्या एका वृद्ध गृहस्थांशी बोलणे निघाले. रेल्वेत खेळाडूंच्या कोट्यातून लागले, सेंटर हाफच्या जागी बारा वर्षे विभागीय संघातून खेळले आणि मालधक्क्यावर कारकुनी करून निवृत्त झाले. मी सहज म्हटले, कृत्रिम मैदान आले आणि आपली हॉकी गेली, असे सगळे म्हणतात. त्यांनी माझ्याकडे पाहिले, हातातील छत्री उलटी धरली, फलाटाच्या ओल्या फरशीवर पडलेला एक सुपारीएवढा खडा पुढे घेतला आणि पुढची वीस मिनिटे मला दाखवले की गवतावर चेंडू कसा उसळतो म्हणून मनगट कसे सैल ठेवावे लागे, टर्फवर तो कसा सरळ येतो म्हणून गुडघा कसा वाकवावा लागतो, आणि 1976 साली माँट्रियलला भारत सातवा आला त्यात मनगटाचा दोष किती आणि गुडघ्याचा किती. हमाल थांबून पाहू लागले. चहावाल्याचा पोरगा तर खडा अडवावयास पुढे सरला आणि छत्रीने तीनदा चकवला गेला. मी खिशातून कागद काढला, तेव्हा मात्र त्यांची छत्री थांबली.

“भाऊ, हे पेपरात देणार काय?” त्यांनी विचारले.

देईन म्हणतो, मी म्हटले.

“द्या, पण माझं नाव नका टाकू बरं,” ते म्हणाले आणि छत्री सरळ करून बाकावर बसले. “पेन्शन चालू आहे.”